शहराचा वैद्य : सर पॅट्रिक गेडिस

इंदूर आणि बडोदे ही नावे आमच्या वाचकांच्या नित्य बोलण्यातली आहेत. पुष्कळांची घरेच तेथे आहेत. या दोन्ही शहरांविषयी शंभराहून अधिक वर्षांपूर्वी एका स्कॉच वनस्पतिशास्त्रज्ञाने सविस्तर अहवाल लिहून ठेवले, ही गोष्ट मात्र थोड्यांनाच ठाऊक असेल. शहर ही दगडविटांची रास नव्हे, झाडासारखी जिवंत वस्तू आहे, आणि तिच्यावर उपाय करायचा तर आधी तिची नाडी पाहिली पाहिजे, असे मानणारा हा मनुष्य म्हणजे पॅट्रिक गेडिस.

त्यांचा जन्म २ ऑक्टोबर १८५४ रोजी स्कॉटलंडमधील बॅलाटर गावी झाला. वडील फौजेत होते. घराणे फ्री चर्चचे, म्हणजे मुंबईच्या डॉ. जॉन विल्सन यांचा ज्या चर्चशी संबंध होता त्याच मंडळीचे. मुलाने पाळक व्हावे अशी आईची इच्छा होती. पण पर्थजवळच्या घरी वडिलांबरोबर बागेत काम करता करता मुलाचे मन झाडाझुडपांत रमले. पुढे लंडनला हक्स्ले यांच्या हाताखाली ते जीवशास्त्र शिकले. १८७९ साली संशोधनासाठी मेक्सिकोत गेले असता त्यांची दृष्टी काही काळ गेली. अंधाऱ्या खोलीत बसून ते कागदाच्या घड्या घालीत आणि बोटांनी चाचपून, कोणत्या गोष्टीचा कोणत्या गोष्टीशी संबंध आहे याची मांडणी करीत. डोळे सुधारले, पण सूक्ष्मदर्शकावरचे काम कमी करावे लागले. त्यांची नजर मग माणसांच्या वस्तीकडे वळली. जागा, काम आणि लोक ही तीन एकमेकांना घडवितात, त्यांचा वेगवेगळा विचार करता येत नाही, हे त्यांचे सूत्र ठरले.

१८८६ साली अॅना मॉर्टन यांच्याशी विवाह झाल्यावर या जोडप्याने एडिंबरोच्या जुन्या, कोंदट, गरीब वस्तीत बिऱ्हाड केले. दुरून उपदेश न करता त्यांनी शेजाऱ्यांना बरोबर घेऊन भिंतींना चुना दिला, कचरा उपसला, मोकळ्या तुकड्यांत बागा केल्या. १८८८ पासून ते डंडी येथे वनस्पतिशास्त्राचे प्राध्यापक होते. काम फक्त उन्हाळी सत्रापुरते असल्याने बाकीचे वर्ष त्यांना शहरांसाठी मिळे.

१९१४ साली ते हिंदुस्थानात आले. नगररचनेच्या प्रदर्शनाचे त्यांचे नकाशे आणि चित्रे ज्या जहाजात होती ते जहाज एमडेन या जर्मन युद्धनौकेने बुडविले. मित्रांनी धावपळ करून नवे साहित्य जमविले आणि प्रदर्शन मद्रासला भरले. नंतर ते गावोगाव पायी हिंडू लागले. रोगराईवर त्या काळी अधिकाऱ्यांचा ठराविक इलाज असे : दाट वस्तीतून सरळ रुंद रस्ता काढायचा आणि आड येतील ती घरे पाडायची. गेडिस विचारीत की, त्या घरातील माणसे जाणार कोठे? ती शेजारच्या घरात शिरणार, तेथे गर्दी वाढणार, आणि रोगही त्यांच्यामागून जाणार. एखाददुसरी मोडकळीला आलेली भिंत काढून, पडीक जागा मोकळी करून, तेथे झाड आणि विहीर राखली तर तेच काम थोड्या खर्चात आणि कोणाला बेघर न करता होते, हे ते नकाशावर दाखवून देत. डासांच्या भीतीने तळी बुजविण्यासही त्यांचा विरोध होता. तळ्यात मासे आणि बदके सोडा, डासांची पिल्ले ती खाऊन टाकतील, गारवाही राहील, असे त्यांचे म्हणणे होते.

१९१७ हे वर्ष त्यांच्यावर कठीण आले. एप्रिलमध्ये थोरला मुलगा फ्रान्सच्या रणांगणावर पडला. पत्नी आजारी होती, म्हणून ती बातमी तिला सांगितलीच नाही. जूनमध्ये कलकत्त्यास तीही गेली. अशा मनःस्थितीत ते इंदूरला आले.

इंदुरात तेव्हा प्लेगची दहशत होती. हातात नकाशा घेऊन गल्लीबोळांतून फिरणारा हा म्हातारा साहेब आता घरे पाडणार, प्लेगही हाच आणतो, अशी कुजबुज सुरू झाली. लोक त्यांना पाहून दूर होत. गेडिस यांनी तुकोजीराव होळकरांकडे अजब मागणी केली : एका दिवसापुरते मला महाराजा करा. ती मान्य झाली. लगेच दवंडी पिटली गेली की, यंदा दिवाळीला नव्या तऱ्हेची मिरवणूक निघेल, आणि ज्या रस्त्यावर सर्वाधिक घरे झाडून, डागडुजी करून, रंगविलेली असतील त्याच रस्त्याने ती जाईल. कचरा फुकट उचलून नेण्याची सोय झाली. मग काय विचारता! सहा हजारांवर गाड्या कचरा घराघरांतून आणि परसांतून निघाला. उंदीर हजारोंनी पकडले गेले.

मिरवणुकीत घोडेस्वार, हत्ती आणि पिकांनी लादलेल्या गाड्या होत्या. मागून अस्वच्छतेचा राक्षस आला आणि प्लेगचा प्रचंड उंदीर, अंगभर पिसवा वळवळत असलेला. रोग कोठून येतो हे अक्षरओळख नसलेल्यालाही कळावे, यासाठी ही योजना होती. त्यांच्या पाठोपाठ शहराचे झाडूवाले निघाले. पांढरे स्वच्छ कपडे, नवे झाडू, धुऊन सजविलेले बैल, गळ्यात हार. त्यांच्या डोक्यावर शहराच्या रंगाचे पागोटे होते आणि तसेच पागोटे नगराध्यक्षांच्या व स्वतः गेडिस यांच्याही डोक्यावर होते. ज्यांची सावली टाळली जाई त्यांना त्या दिवशी सर्व शहराने सन्मानाने जाताना पाहिले. आम्हाला तरी सगळ्या मिरवणुकीत हाच भाग मोठा वाटतो. एका दिवसाने अस्पृश्यता गेली नाही हे खरे; पण स्वच्छता कोणाच्या हातांनी होते हे राजमार्गावर मान्य झाले. शेवटी लोकांना तुळशीची रोपे वाटली गेली आणि राक्षस व उंदीर आतषबाजीत जाळले.

प्लेग ओसरला. त्यात ऋतूचाही वाटा होता. पण लोकांची भीती गेली, आणि ज्यांनी दारे लावून घेतली होती तेच लोक त्यांना घरे दाखवू लागले. १९१८ साली त्यांनी इंदूर दरबारला दोन खंडांचा अहवाल दिला. नद्यांचे काठ साफ करून तेथे बागा कराव्यात, मैला नदीत न सोडता बागांना खत म्हणून द्यावा, अशा सूचना त्यात आहेत. सगळ्या काही अमलात आल्या नाहीत.

१९१९ पासून काही वर्षे ते मुंबई विद्यापीठात समाजशास्त्राचे प्राध्यापक होते. तेथून प्रकृतीसाठी ते फ्रान्समध्ये माँपेलिए येथे गेले आणि ओसाड टेकडीवर त्यांनी विद्यार्थ्यांसाठी वसतिगृह व बाग उभारली. १९३२ च्या आरंभी त्यांना सर ही पदवी मिळाली, आणि १७ एप्रिलला त्याच टेकडीवर त्यांचे देहावसान झाले.