औषध थांबतं तिथून पुढे : कमला निंबकर

फलटणला आलं की दोन नावं सारखी कानावर पडतात. एक राजघराण्याचे नाईक-निंबाळकर आणि दुसरे शेतीसंशोधनातले निंबकर. त्यातल्या दुसऱ्या नावाची इथे एक शाळा आहे, ‘कमला निंबकर बालभवन’. पण या कमलाताई कोण, हे हॉस्टेलमध्ये विचारलं तर फारसं कुणाला सांगता येणार नाही!

त्यांचं मूळ नाव एलिझाबेथ लंडी. जन्म १९०० सालचा, अमेरिकेतल्या न्यू जर्सीमधला. घर क्वेकर पंथाचं, म्हणजे सेवेला फार मान असलेलं. १९३० मध्ये त्यांनी विष्णू निंबकर यांच्याशी लग्न केलं, भारतात आल्या आणि एलिझाबेथची कमला झाली.

तो काळ पोलिओच्या लसीच्या आधीचा. पोलिओचा विषाणू मज्जारज्जूतल्या, स्नायूंना हुकूम देणाऱ्या पेशी मारतो. मेलेल्या पेशी परत येत नाहीत. हा लुळेपणा घालवणारं औषध तेव्हा नव्हतं आणि आजही नाही. मज्जारज्जूला मोठी इजा झाली किंवा अर्धांगवायूचा जोराचा झटका आला, तरीही औषधांची मजल कुठेतरी संपतेच. मग पेशंट घरी यायचा आणि खाटेवर पडून राहायचा. घरचे नशिबाला दोष द्यायचे. आजार बरा होत नाही म्हणजे उपचार संपले, असंच सगळे धरून चालायचे.

कमलाताईंना हे मान्य नव्हतं. पुन्हा अमेरिकेला जाऊन त्यांनी ऑक्युपेशनल थेरपी, म्हणजे व्यवसायोपचार, याचं रीतसर शिक्षण घेतलं. पहिल्या महायुद्धातल्या जखमी सैनिकांमुळे हे शास्त्र तिकडे वाढलं होतं. यात प्रश्नच वेगळा विचारतात. या माणसाला रोज काय काय करायचंय? जेवायचंय, शर्टाची बटणं लावायचीत, पोटापाण्याचं काम करायचंय. मग जे स्नायू शाबूत आहेत त्यांच्याकडून ते करून घ्यायचं. मूठ नीट वळत नाही? चमच्याचा दांडा जाड करा. पायात जोर कमी आहे? पायडल मारून चालणाऱ्या करवतीवर बसवा, लाकूडही कापलं जातं आणि मांडीला व्यायामही होतो. आपल्या भाषेत सांगायचं तर, खराब पार्ट बदलता येत नसेल तर बाकीचं डिझाइन बदला!

१९५० मध्ये, वयाच्या पन्नाशीत, त्यांनी मुंबईच्या के.ई.एम. हॉस्पिटलमध्ये या विषयाचं भारतातलं पहिलं विद्यालय सुरू केलं. स्वतः पेशंट बघून त्या थांबल्या नाहीत, शिकवणारी आणि शिकणारी माणसं तयार केली. १९५२ मध्ये अखिल भारतीय संघटना उभी राहिली, तिच्या पहिल्या अध्यक्ष त्याच. त्याच वर्षी या विषयाचा जागतिक महासंघ निघाला, आणि तो स्थापन करणाऱ्या दहा देशांत भारत होता! १९७९ मध्ये त्या गेल्या.

त्यांचे चिरंजीव बनबिहारी निंबकर यांनी फलटणला शेती केली आणि १९६८ मध्ये इथे शेतीसंशोधन संस्था काढली. पुढे मॅक्सीन बर्नसन, म्हणजे अमेरिकेतून येऊन फलटणकर झालेल्या आणखी एक बाई, यांच्या प्रगत शिक्षण संस्थेच्या शाळेला कमलाताईंचं नाव मिळालं.

भारतात वाइल्ड पोलिओचा शेवटचा पेशंट २०११ मध्ये सापडला. पण त्याआधी ज्यांना तो होऊन गेला ते आज आपल्यातच आहेत. शिवाय रस्त्यावरचे अपघात आणि अर्धांगवायूचे झटके काही थांबलेले नाहीत. या सगळ्यांना गोळ्यांपेक्षा एखादा नीट बसणारा स्प्लिंट, हलकी कुबडी, चढता येईल असा रॅम्प जास्त उपयोगी पडतो. आणि हे काम फक्त डॉक्टरांचं नाही. फायनल इयरला प्रोजेक्टचा विषय शोधत फिरणाऱ्यांनी एकदा या बाजूला जरूर बघावं. कमलाताईंनी पन्नाशीत सुरुवात केली, आपण तर विशीतच आहोत!