पंजाबकेसरी महाराजा रणजितसिंह

काशीयात्रा करून आलेल्या आपल्या मंडळींपैकी बहुतेकांनी श्रीविश्वेश्वराच्या मंदिराचे सुवर्णशिखर पाहिलेले असते. ते मंदिर पुण्यश्लोक अहिल्यादेवी होळकर यांनी बांधविले, हे मराठी घरातील लहान मुलासही ठाऊक असते. परंतु शिखरावरील सोने कोणी वाहिले, असे विचारल्यास पुष्कळांस उत्तर देता येत नाही. प्रस्तुत लेखकासही वडील काशीहून परत येईपर्यंत ते माहीत नव्हते. ते सोने लाहोरच्या महाराजा रणजितसिंहाचे. अहिल्यादेवींचे मंदिर सन १७८० मधले. आणि त्याच वर्षी, १३ नोव्हेंबर रोजी, पंजाबात गुजराणवाला येथे रणजितसिंहाचा जन्म झाला.

त्या काळी पंजाबात एक राजा असा नव्हता. ज्या अहमदशहा अब्दालीने पानिपतावर मराठ्यांची एक पिढी कापून काढली, त्याच्याशी झुंजत शिखांनी आपला मुलूख सोडविला होता. पण सोडविलेला मुलूख बारा मिसलींत वाटला गेला होता आणि त्या मिसली आपसांत लढत होत्या. सुकरचकिया मिसलीचा सरदार महासिंह हा रणजितसिंहाचा पिता. बालपणी देवी येऊन मुलाचा डावा डोळा गेला व चेहऱ्यावर व्रण राहिले. अक्षरओळख त्यास कधीच झाली नाही. पुरता जाणता होण्यापूर्वीच पितृछत्रही हरपले. तेव्हा त्याच्या पाठीशी उभी राहिली ती त्याची सासू सदाकौर. कन्हैया मिसलीची ही विधवा सरदारीण मोठी करारी बाई होती. अब्दालीचा नातू जमानशहा लाहोरहून माघारी फिरताच सदाकौर व जावई यांनी मिळून जुलै १७९९ मध्ये ते शहर घेतले. शहरावर सत्ता गाजविणाऱ्या भंगी सरदारांच्या जाचाला कंटाळलेल्या नागरिकांनीच त्यांस बोलावणे धाडले होते.

सन १८०१ च्या वैशाखीस गुरु नानकदेवांचे वंशज साहिबसिंह बेदी यांनी त्यास राजतिलक केला. नव्या राजाने नाणी पाडली ती गुरूंच्या नावाने, स्वतःच्या नव्हे. राज्यासही त्याने सरकार खालसा असे म्हटले.

यापुढील प्रसंग आपणां मराठी माणसांस थोडा सलणारा आहे, म्हणून तो विस्ताराने सांगतो. सन १८०५ च्या अखेरीस यशवंतराव होळकर इंग्रजांशी झुंजत झुंजत पंजाबात येऊन पोहोचले. जनरल लेकची फौज त्यांच्या मागावर होती. रणजितसिंह तेव्हा मुलतानच्या बाजूस मोहिमेवर होता. तो तातडीने अमृतसरास परतला. शीख व मराठे एक झाले तर इंग्रजांस हिंदुस्थानातून घालविता येईल, हा यशवंतरावांचा हेतू होता आणि तो चुकीचा होता असे कोण म्हणेल? रणजितसिंहाने सरदारांस विचारले, पाहुण्यांचा मान राखला, पण तलवार त्यांच्या बाजूने उचलली नाही. उलट तडजोडीत मध्यस्थी केली. होळकरांनी डिसेंबरात बियास नदीकाठी इंग्रजांशी तह केला, आणि १ जानेवारी १८०६ च्या तहाने रणजितसिंह व फतेहसिंह अहलुवालिया यांनी होळकरांचे सैन्य अमृतसरपासून तीस कोस दूर धाडण्याचे मान्य केले.

शाळेत असताना हे प्रथम वाचले तेव्हा या पुरुषाविषयी मनात अढी बसली, हे कबूल केले पाहिजे. पुढे त्याचे सर्व चरित्र वाचल्यावर वाटले की, पंचवीस वर्षांच्या त्या तरुणाने आपले बळ बरोबर तोलले होते. त्याचे राज्य चार वर्षांचे, सरदार अर्धवट वश झालेले, कवायती पलटणी नाममात्र. लढाई झाली असती तर ती त्याच्याच भूमीवर, आणि हरल्यास राज्य त्याचे गेले असते. तरीही एकेका सत्तेस वेगळे गाठण्याचा जो डाव इंग्रज खेळत होते, तो त्याच्या नकाराने सोपा झाला, हेही नाकारता येत नाही. तीनच वर्षांनी पाळी त्याची आली. मेटकाफशी बोलणी होऊन २५ एप्रिल १८०९ रोजी अमृतसरच्या तहाने सतलजेच्या पलीकडील शीख संस्थानांवर त्यास कायमचे पाणी सोडावे लागले.

पूर्वेची वाट बंद झाली, तेव्हा तो उत्तरेस व पश्चिमेस वळला. त्याच वर्षी गुरख्यांस हटवून कांगड्याचा किल्ला घेतला. सन १८१३ मध्ये अटक, १८१८ मध्ये मुलतान, १८१९ मध्ये काश्मीर. पेशावर १८३४ मध्ये राज्यास पूर्णपणे जोडले गेले. अटकेपार झेंडे नेण्याचा अभिमान आपण बाळगतो व तो योग्यच आहे. पण आपले ठाणे तेथे टिकले नाही. रणजितसिंहाने ते टिकविले. शतकानुशतके ज्या खिंडीतून आक्रमणे आत येत, तिच्या तोंडाशी जमरूद येथे हरिसिंह नलवा पाय रोवून उभा राहिला आणि १८३७ मध्ये तेथेच पडला.

हे यश नुसत्या शौर्याचे नव्हे. इंग्रजांची कवायत त्याने शत्रूकडून शिकण्याजोगी विद्या मानली. नेपोलियनच्या सैन्यात नोकरी केलेले आलार व व्हेंतुरा हे १८२२ मध्ये लाहोरास आले, त्यांच्या हाती पलटणी दिल्या. तोफा लाहोरातच ओतविल्या. परराष्ट्राचे काम फकीर अजीजुद्दीन या मुसलमान मंत्र्याकडे, खजिन्याचा हिशेब दिवाण दीनानाथांकडे, आणि काश्मीर जिंकणारा सेनापती मिश्र दिवाणचंद हा ब्राह्मण. कसूरच्या पराभूत नवाबास त्याने जहागीर देऊन पोसले. रणाबाहेर कोणाचा प्राण घेण्याची त्यास आवड नव्हती.

तरी त्यास देवता बनविण्याचे कारण नाही. आश्रयास आलेल्या शहाशुजाकडून कोहिनूर हिरा त्याने १८१३ मध्ये मिळविला तो त्यास कोंडून, छळून. ज्या सदाकौरेने त्यास लाहोर मिळवून दिले, तिची जहागीर पुढे त्याने हिरावली व तिला कैदेत ठेवले. मद्यपानही त्याच्या देहास भोवले.

धर्मकार्यात मात्र त्याचा हात सढळ होता. अमृतसरच्या हरिमंदिरास संगमरवर व सोन्याचा साज त्याने चढविला. आपल्या मराठी मुलुखात, नांदेड येथे, जेथे गुरु गोविंदसिंहांनी १७०८ मध्ये देह ठेवला, तेथील गुरुद्वारा सन १८३२ ते १८३७ या काळात त्याच्याच आज्ञेने उभा राहिला. मुलूख निजामाचा, आणि खर्च लाहोरचा!

शेवटी अर्धांगाने त्याची वाचा गेली. अखेरच्या दिवसांत त्याने खुणेने दानधर्म चालविला होता. कोहिनूर पुरीच्या जगन्नाथास वाहावा, अशी इच्छा त्याने दर्शविली. जामदारखान्याचा अधिकारी मिश्र बेलीराम याने हिरा काढून दिला नाही. तो राज्याचा आहे, दान देण्याचा नव्हे, असे त्याचे म्हणणे पडले. २७ जून १८३९ रोजी महाराजांचे देहावसान झाले. चितेवर राण्या व दासीही गेल्या.

ज्याने आयुष्यभर सर्वांचे बळ तोलले, त्याने आपल्यामागे राज्य कोण तोलून धरील याची तजवीज केली नव्हती. थोरला पुत्र खडकसिंह दुबळा. तो व त्याचा मुलगा नौनिहालसिंह नोव्हेंबर १८४० मध्ये एका दिवसाच्या अंतराने मरण पावले. शेरसिंह १८४३ मध्ये मारला गेला. मग पाच वर्षांचा दलीपसिंह गादीवर बसला व खरी सत्ता फौजेच्या हाती गेली. इंग्रजांशी दोन युद्धे झाली. २९ मार्च १८४९ रोजी लाहोरच्या दरबारात दहा वर्षांच्या त्या मुलाकडून राज्य सोडून दिल्याच्या कागदावर सही घेण्यात आली. कोहिनूर इंग्लंडच्या राणीस द्यावा, असे त्यात एक स्वतंत्र कलम होते. जगन्नाथास न मिळालेला तो हिरा दुसऱ्या वर्षी जहाजाने लंडनला गेला.