जेम्स व्हेल
जेम्स व्हेल (२२ जुलै, १८८९ – २९ मे, १९५७) हे इंग्रज नाट्य व चित्रपट दिग्दर्शक होते. 'फ्रँकेनस्टाइन' (१९३१) हा भयपट आणि त्याचा उत्तरभाग 'ब्राइड ऑफ फ्रँकेनस्टाइन' (१९३५) यांसाठी ते विशेष ओळखले जातात.

सुरुवातीचे जीवन
व्हेल यांचा जन्म इंग्लंडमधील डडली येथे कामगार कुटुंबात झाला. चांभारकाम करीत त्यांनी सायंकालीन वर्गांत कलेचे शिक्षण घेतले. पहिल्या महायुद्धात, १९१७ मध्ये, ते जर्मन सैन्याचे युद्धकैदी झाले. कैद्यांच्या छावणीतच त्यांना नाटकाची गोडी लागली. पुढे 'जर्नीज एन्ड' या युद्धविषयक नाटकाच्या यशामुळे त्यांना हॉलिवूडची वाट मोकळी झाली.

उत्तरभागाची निर्मिती
'फ्रँकेनस्टाइन'च्या प्रचंड यशानंतर युनिव्हर्सल कंपनीला त्याचा उत्तरभाग हवा होता. मूळ कल्पनेत नवे काही उरलेले नाही, असे वाटल्याने व्हेल यांनी प्रथम नकार दिला. 'द इनव्हिजिबल मॅन' (१९३३) यशस्वी झाल्यावर कंपनीचा आग्रह वाढला व ते तयार झाले. तरीही अनेक पटकथा बाद झाल्या.

पहिल्या चित्रपटाच्या शेवटी राक्षस जळत्या पवनचक्कीत सापडला होता. तो तिच्याखालील पाण्यामुळे वाचला, असे दाखवून कथा पुढे नेण्यात आली. मात्र प्रेक्षकांच्या ओळखीचा झालेला राक्षस पुन्हा तितकाच भयावह वाटणे कठीण होते. म्हणून व्हेल यांनी भय वाढविण्याऐवजी त्याला वाचा दिली, त्याचे एकाकीपण पुढे आणले आणि विनोदाची जोड दिली. बोलणारा राक्षस व त्याची जोडीदारणीची मागणी या दोन्ही गोष्टी मेरी शेली यांच्या मूळ कादंबरीत होत्या. राक्षसाची भूमिका करणारे बोरिस कार्लॉफ यांना मात्र त्याचे बोलणे पसंत नव्हते. एल्सा लँचेस्टर यांनी वधू आणि मेरी शेली अशा दोन्ही भूमिका केल्या. सेन्सॉरच्या आक्षेपांमुळे काही दृश्ये वगळावी लागली.

उत्तरायुष्य
यानंतर व्हेल यांनी भयपट केला नाही. मालिकेतील तिसरा चित्रपट (१९३९) रोलंड ली यांनी दिग्दर्शित केला. व्हेल यांचा 'शो बोट' (१९३६) हा संगीतपट गाजला. 'द रोड बॅक' (१९३७) या युद्धविरोधी चित्रपटात मात्र जर्मनीच्या दबावामुळे कंपनीने फेरफार केले. १९४१ नंतर ते चित्रपटसृष्टीपासून जवळजवळ दूर झाले. १९५७ मध्ये कॅलिफोर्नियात त्यांचे निधन झाले.

वारसा
ज्या उत्तरभागाला त्यांनी आधी नकार दिला होता, तो अनेक समीक्षकांच्या मते मूळ चित्रपटाहून सरस ठरला. १९९८ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत त्याचा समावेश करण्यात आला.