तुळाजी आंग्रे

सरखेल कान्होजी आंग्रे १७२९ साली निवर्तले, तेव्हा त्यांच्या परवान्यावाचून कोकण किनाऱ्यावर जहाज हाकारण्यास व्यापारी कचरत असत. परंतु ज्या घराने हा दरारा निर्माण केला, त्याच घरात पुढे भाऊबंदकी माजली. मानाजी कुलाब्यास आणि संभाजी विजयदुर्गास, अशी दौलत दुभंगली. संभाजींच्या मागे विजयदुर्ग त्यांचे भाऊ तुळाजी यांच्याकडे आला व शाहू महाराजांनी त्यांस सरखेलीची वस्त्रे दिली.

तुळाजी पित्यासारखेच धाडसी होते. त्यांच्या आरमाराचे बळ गुराबा आणि गलबते यांत होते. गुराब म्हणजे दोन किंवा तीन डोलकाठ्यांची, उथळ पाण्यातही चालणारी युद्धनौका. तिच्या नाळेवरील तोफा थेट समोर मारा करीत. वारा पडला की वल्ह्यांची गलबते तिला ओढून नेत. मोठी परदेशी जहाजे अशा वेळी जागच्या जागी खिळून राहत आणि अलगद हाती सापडत. इंग्रजांचे ‘रेस्टोरेशन’ नावाचे लढाऊ जहाज तुळाजींनी असेच जिंकून विजयदुर्गास आणले होते.

समुद्रावर अजिंक्य असलेल्या या पुरुषाला राजकारणातील वारा मात्र ओळखता आला नाही. शाहू महाराजांच्या निधनानंतर सत्ता पेशव्यांच्या हाती एकवटली. तुळाजी त्यांना जुमानीनात. तेव्हा नानासाहेब पेशव्यांनी १७५५ मध्ये इंग्रजांशी करार केला. घरचे भांडण मिटविण्यास परका बोलावला गेला, हे त्या काळीही शहाणपणाचे नव्हते. एप्रिलात सुवर्णदुर्ग पडला.

पुढील वर्षी वॉटसन व क्लाइव्ह मोठ्या आरमारासह विजयदुर्गावर चालून आले. तुळाजी वाटाघाटींसाठी पेशव्यांच्या छावणीत गेले होते, ते परत येऊ शकले नाहीत. १२ फेब्रुवारी १७५६ रोजी वाघोटनच्या खाडीत इंग्रजांच्या तोफा धडाडू लागल्या. एक पेटता गोळा नेमका ‘रेस्टोरेशन’वर पडला. जवळ जवळ नांगरलेल्या गुराबांना आगीने एकामागून एक कवटाळले आणि कान्होजींच्या वारशाचे सारे आरमार काही तासांत भस्मसात झाले. दुसऱ्या दिवशी किल्ला पडला. सुमारे दहा लाखांची लूट इंग्रजांनी आपसांत वाटून घेतली. पेशव्यांना तिच्यातील वाटा मिळाला नाही. किल्लाही त्यांनी लगेच सोडला नाही. बाणकोट पदरात पडल्यावरच ऑक्टोबरात तो देण्याचे ठरले.

तुळाजींचे उरलेले आयुष्य पेशव्यांच्या कैदेत, समुद्रापासून दूर, निरनिराळ्या डोंगरी किल्ल्यांवर गेले.