रमाईच्या कष्टाची नोंद

वाचकहो, गोरेगाव पूर्वेकडून आरे कॉलनीत आपण कधी गेला असाल, तर झाडांच्या आधी शेणाचा वास आपल्याला भेटला असेल. मुंबई शहरातले तबेले, त्यांची घाण आणि दुधातली भेसळ यांवर उपाय म्हणून सरकारने १९४९ साली ही दूध वसाहत वसवली. १९५१ मध्ये पंडित नेहरूंच्या हस्ते तिचे उद्घाटन झाले. हजारो म्हशी शहरातून इथे आल्या. दुधाचा हिशेब काटेकोर : म्हैस कोणाची, परवाना कोणाचा, दूध किती, सारे वहीत. गोठ्यांचे मालक पुरुष आणि धारा काढायला ठेवलेले गडीही पुरुषच. पहाटे दूध केंद्रावर बाटल्या देऊन मग कॉलेज गाठणाऱ्या मुली मुंबईने कित्येक वर्षे पाहिल्या, ही या योजनेची एक चांगली बाजू. पण आपल्या कोणत्याही गावात पाहा. दूध डेअरीत पुरुषाच्या नावावर जमा होते आणि शेण काढते ती बाई. दुधाला वही आहे, शेणाला नाही.

आरेतला तो वास आला की मला माता रमाई आठवतात. त्यांचे चरित्र आपण जयंतीला ऐकतो, गाण्यांतून गातो. आज ते जरा निराळ्या बाजूने, कामाच्या बाजूने पाहू.

दापोलीजवळचे वणंद हे त्यांचे गाव. ७ फेब्रुवारी १८९८ हा त्यांचा जन्मदिन मानला जातो. वडील भिकू धुत्रे दाभोळ बंदरावर माशांच्या टोपल्या वाहत. आईबाप लवकर गेले. नातलगांनी पोरक्या मुलांना मुंबईत भायखळ्याला आणले. १९०६ च्या सुमारास भायखळ्याच्या बाजारात, दिवसाची विक्री उरकल्यावर, रिकाम्या ओट्यांवर त्यांचे लग्न भीमरावांशी लागले. त्या वेळी त्यांचे वय आठ-नऊ वर्षांचे होते.

१९१३ च्या फेब्रुवारीत रामजी सुभेदार वारले आणि जुलैत बाबासाहेब अमेरिकेला निघाले. ते परतले १९१७ साली. पुन्हा १९२० ते १९२३ लंडन. या दोन्ही खेपांना परळच्या चाळीतले घर चालवायचे होते. बाबासाहेब ग्रंथालयात किती तास बसत हे आपल्यापैकी लहान पोरालाही पाठ असते, आणि ते असावेच. रमाई दिवसाचे किती तास राबत, हे कोणत्या चरित्रात आहे?

सांगतात ते एवढेच, की त्या शेण गोळा करीत, गोवऱ्या थापून विकीत, आणि ओळखीच्यांच्या नजरेस पडू नये म्हणून दूर जात. परदेशात शिकणाऱ्या माणसाची बायको शेण वेचते, असे कोणी म्हणू नये म्हणून. ही गोष्ट आपण डोळ्यांत पाणी आणून त्याग म्हणून सांगतो. मला त्यातले लपणे बोचते. सम्यक आजीविकेच्या कसोटीला लावून पाहा : या धंद्यात ना हिंसा, ना फसवणूक, ना कोणाचे नुकसान. शेणात भुसा मळायचा, थापायचे, उलटून वाळवायचे, पाटी डोक्यावर घेऊन गिऱ्हाईक शोधायचे, आणि पावसाळा आला की धंदा बंद. मग लाज कशाची? ज्या समाजाने काही कामे जातीने हलकी ठरवली, त्यानेच काही बाईची म्हणून आणखी हलकी ठरवली. रमाईंवर दोन्ही ओझी होती.

शिवाय बाळंतपणे. पाच मुलांपैकी एक यशवंत तेवढे जगले. गंगाधर, रमेश आणि इंदू लहानपणीच गेली. लाडका राजरत्न १९२६ च्या जुलैत गेला. पुढे १९२८ साली मुंबई विधिमंडळात कामकरी स्त्रियांच्या बाळंतपणाच्या रजेचे विधेयक आले. बाबासाहेबांनी त्याला पाठिंबा दिला. बाळंतपणाच्या आधी आणि नंतर आईला विश्रांती मिळणे देशाच्या हिताचे आहे, म्हणून काही भार सरकारनेही उचलावा, अशी त्यांची मांडणी होती. १९२६ आणि १९२८ ही दोन साले मी केवळ शेजारी ठेवतो.

१९२९ साली कायदा झाला, तो कारखान्यातल्या स्त्रियांपुरता. बाबासाहेब १९४२ ते १९४६ मजूरमंत्री असताना खाणीतल्या बायकांच्या बाळंतपणाच्या कायद्यातही सुधारणा झाली. युद्धकाळात जमिनीखाली बायकांना उतरवण्यावरची बंदी उठवली गेली, याबद्दल त्या खात्यावर टीका झाली आणि ती करण्यासारखीच होती. पण त्याच वेळी खाणीत बाईला पुरुषाएवढीच मजुरी, हे तत्त्वही त्यांनी धरले. गोवऱ्या थापणारीला मात्र मालक कोण, आणि रजा मागायची कोणाकडे? आजही राष्ट्रीय नमुना सर्वेक्षणात घरच्या चुलीसाठी गोवऱ्या थापणारी बाई ९३ या सांकेतिक क्रमांकाखाली जाते. म्हणजे घरकाम करणारी, काम करणाऱ्यांच्या गणतीबाहेरची. त्याच गोवऱ्या विकल्या तर ती कामकरी ठरते. विकणाऱ्या रमाई त्या हिशेबाने कामकरीच होत्या.

दादरचे राजगृह उभे राहिले तेव्हा त्यांचे शरीर थकले होते. पंढरपूरला जाण्याची त्यांची इच्छा होती. जिथे देवळाबाहेर उभे राहावे लागते तिथे जायचे नाही, असे बाबासाहेबांचे म्हणणे. २७ मे १९३५ रोजी त्या गेल्या. १३ ऑक्टोबरला येवल्याची घोषणा झाली, ती ऐकायला त्या नव्हत्या. पाच-सहा वर्षांनी बाबासाहेबांनी पाकिस्तानवरचा आपला ग्रंथ त्यांना अर्पण केला. त्या अर्पणपत्रिकेत ओढगस्तीच्या दिवसांत त्यांनी दिलेल्या सोबतीची आठवण आहे. गोवऱ्यांचा उल्लेख नाही.