एक माणूस, तीन कपाटे

आमच्या महाविद्यालयाच्या ग्रंथालयात दाराशेजारी तीन लाकडी कपाटे आहेत. पहिल्यात ऐतिहासिक कादंबऱ्या, दुसऱ्यात संतवाङ्मय आणि अध्यात्म, तिसऱ्यात आत्मचरित्रे व आठवणी. प्रथम वर्षाला आले तेव्हा माझी धाव फक्त पहिल्या कपाटापर्यंत होती. गड, घोडी, भुयारे आणि खलिते असल्याखेरीज मला पुस्तक पुस्तकच वाटत नसे. दुसरे कपाट म्हाताऱ्यांचे आणि तिसरे प्राध्यापकांचे, अशी माझी वाटणी होती. दोन वर्षांत ती वाटणी मोडली. ती कोणाच्या उपदेशाने मोडली नाही. शंभर वर्षांपूर्वी गेलेल्या एका माणसाने ती मोडली. त्या माणसाची ही हकीकत.

सुरुवात झाली ‘उषःकाल’पासून. सुलतानगडचा किल्लेदार रंगराव आप्पा विजापूरच्या बादशहाशी इमान राखून आहे, आणि त्याचा मुलगा नानासाहेब शिवाजीकडे ओढला जातो आहे. घरातल्या घरात पडलेली ही फूट मला दोन रात्री झोपू देईना. पुस्तक परत करताना त्याच लेखकाचे आणखी काही आहे का, असे मी ग्रंथपाल सरांना विचारले. मला वाटले, ते ‘गड आला पण सिंह गेला’ काढून देतील. तेही त्यांनी दिले, पण त्याबरोबर एक जाडजूड, पाने पिवळी पडलेला ग्रंथ हातात ठेवला: ‘पण लक्षात कोण घेतो!’ त्यात एकही लढाई नाही, हे घरी आल्यावर कळले. मी थोडी हिरमुसले. मग लेखकाचे नाव पुन्हा वाचले आणि हा माणूस होता तरी कोण, हे शोधू लागले.

हरी नारायण आपटे यांचा जन्म ८ मार्च १८६४ रोजी खानदेशातील पारोळे गावी झाला. आई लहानपणीच गेली. त्यांचे पालनपोषण व शिक्षण झाले ते चुलते महादेव चिमणाजी आपटे यांच्या छत्राखाली. हे चुलते मुंबईत वकिली करीत. हरिभाऊंचे आरंभीचे शिक्षण मुंबईस आणि पुढचे पुण्यास झाले. पुण्यात १८८० साली न्यू इंग्लिश स्कूल निघाले आणि विष्णुशास्त्री चिपळूणकर, टिळक, आगरकर यांच्यासारखे शिक्षक त्यांना लाभले. १८८२ मध्ये विष्णुशास्त्री वारले तेव्हा ह्या विद्यार्थ्याने ‘शिष्यजनविलाप’ नावाचे शोककाव्य लिहिले. पुढच्याच वर्षी आगरकरांनी हॅम्लेटचे मराठी रूप ‘विकारविलसित’ प्रसिद्ध केले, आणि ह्याच शिष्याने आपल्या गुरूच्या पुस्तकावर लांबलचक चिकित्सक परीक्षण लिहिले. एका गुरूसाठी रडणारा आणि दुसऱ्या गुरूचे पुस्तक निर्भयपणे तपासणारा हा मुलगा तेव्हा विशीच्याही आत होता.

पुढे डेक्कन कॉलेज, नंतर फर्ग्युसन. पण पदवी काही मिळाली नाही. गणित आडवे आले! हे वाचले तेव्हा मी पुस्तक मिटून बराच वेळ हसत बसले. बारावीला गणितात नापास होऊन कला शाखेकडे वळलेल्या माझ्यासारखीला हा केवढा दिलासा! पण हसू ओसरल्यावर ध्यानात आले की, नापास होणे हा त्यांचा मोठेपणा नव्हे. गणिताच्या तासाला ज्यांचे मन लागत नव्हते, ते त्या वेळी इंग्रजी कादंबऱ्यांची पारायणे करीत होते. १८८५ साली ‘पुणे वैभव’ पत्रातून त्यांची ‘मधली स्थिती’ येऊ लागली. तिला रेनल्ड्सच्या लंडनवरील कादंबरीचा आधार होता. पहिली ऐतिहासिक कादंबरी ‘म्हैसूरचा वाघ’ हीदेखील मेडोज टेलरच्या टिपू सुलतानावरील कादंबरीवरून बेतलेली. म्हणजे आपल्या कादंबरीचा हा शिल्पकारही आधी आपल्यासारखाच दुसऱ्यांच्या कपाटासमोर उभा राहिलेला एक वाचक होता.

१८८८ मध्ये चुलत्यांनी पुण्यात आनंदाश्रम ही संस्था स्थापली. घरोघरी माळ्यावर पडलेल्या, वाळवीच्या तोंडी जाणाऱ्या संस्कृत पोथ्या मिळवायच्या, जपायच्या, चार पोथ्या ताडून शुद्ध पाठ ठरवायचा आणि ग्रंथ छापायचा, हे तिचे काम. ह्या संस्थेची व्यवस्था हरिभाऊंकडे आली. १८९४ साली चुलते वारले, तरी त्यांनी ती अखेरपर्यंत सांभाळली. उपनिषदे, त्यांवरील भाष्ये, याज्ञवल्क्यस्मृतीवरील अपरार्काची टीका, १९०५ सालचा ‘स्मृतीनां समुच्चयः’ अशी ग्रंथावळी तेथून बाहेर पडत राहिली. सोवळ्यातल्या पोथ्या शाईत उतरल्या आणि मागेल त्याच्या हाती पडू लागल्या.

आणि ह्याच माणसाने १८९० साली ‘करमणूक’ नावाचे साप्ताहिक काढले. ते सत्तावीस वर्षे, १९१७ पर्यंत चालविले. नाव करमणुकीचे, पण हेतू करमणुकीबरोबर चार शहाणपणाच्या गोष्टी घरात पोचविण्याचा. त्यांच्या बहुतेक कादंबऱ्या ह्या अंकांतून प्रकरणाप्रकरणाने आल्या. दर आठवड्याला मजकूर हवाच, म्हणून लिहायचे. त्या घाईत कथानके लांबली, काही कादंबऱ्या अपुऱ्याच राहिल्या. टीकाकार हा दोष दाखवितात आणि तो खराही आहे. पण पुढे काय झाले ह्यासाठी आठवडाभर वाट पाहणारा वाचक मराठीत निर्माण झाला, तोही असाच.

‘करमणूक’च्या आरंभीच्या वर्षांतच, १८९० ते १८९३ ह्या काळात, ‘पण लक्षात कोण घेतो!’ अवतरली. यमू नावाची मुलगी आपली कहाणी स्वतःच सांगते. माहेर, लग्न, सासर, मुंबईत नवऱ्याच्या सोबतीने मिळालेले थोडे सुखाचे आणि वाचनाचे दिवस, मग वैधव्य, आणि मग सासरच्यांनी जबरदस्तीने केलेले केशवपन. सगळे ‘मी’च्या तोंडून. लिहिणारा पुरुष, वय पंचविशीच्या आसपास, पण पुस्तकात तो कोठे दिसतच नाही. ‘मी’ ह्या त्यांच्या दुसऱ्या कादंबरीतही हीच आत्मकथेची रीत आहे. खरी आत्मचरित्रे लिहिणाऱ्या बायका मराठीत फार थोड्या होत्या, तेव्हा एका कादंबरीकाराने एका बाईचे आत्मचरित्र कल्पनेने लिहून ठेवले!

आता घरची गोष्ट सांगते. दिवाळीच्या सुट्टीत हे पुस्तक मी घरी नेले होते. आजीची दृष्टी अलीकडे अधू झाली आहे. दुपारी मी तिला वाचून दाखवी. यमूच्या लहानपणीच्या खोड्यांना ती खुदुखुदु हसे. केशवपनाचे प्रकरण आले तेव्हा तिने हातानेच मला थांबविले. मी पुस्तक मिटले. त्या दिवशी ती काही बोलली नाही. दुसऱ्या दिवशी पोळ्या लाटता लाटता तिने तिच्या सासूबाईंविषयी, म्हणजे माझ्या पणजीविषयी, सांगितले. आमच्या माजघरात पणजीचा एक फोटो आहे. डोक्यावरून पदर कपाळापर्यंत ओढलेला. मी लहानपणापासून तो पाहात आले. पदर तसा का, हे मला कधी विचारावेसे वाटले नव्हते. पणजी एकोणिसाव्या वर्षी विधवा झाल्या. दर थोड्या दिवसांनी न्हावी मागल्या दाराने येई आणि तेवढा वेळ घरातल्या मुलांना अंगणात पिटाळत. आजी ह्या घरात सून म्हणून आली तेव्हाही ते चालू होते. सासूबाईंनी त्याविषयी जन्मात अवाक्षर काढले नाही आणि आपणही कधी विचारले नाही, एवढे सांगून आजी पुन्हा पोळीकडे वळली. तिसऱ्या दिवशी तिनेच पुस्तक माझ्यापुढे सरकविले. पुढचे सगळे आम्ही वाचून संपविले.

पणजींनी आपली हकीकत लिहिली नाही, सांगितली नाही. ती आमच्या घरात कादंबरीतून आली. तिसरे कपाट प्राध्यापकांचे नव्हे, हे मला त्या दुपारी समजले.

दुसऱ्या कपाटाकडे नेले तेही हरिभाऊंनीच. त्यांचे ‘संत सखूबाई’ हे नाटक. कऱ्हाडची सखू, सासरचा जाच, पंढरीची ओढ, आणि ती वारीला गेल्यावर तिच्या जागी तिचे रूप घेऊन घरात राबणारा विठ्ठल. ही कथा मी लहानपणी चमत्कार म्हणून ऐकली होती. यमूनंतर ती ऐकली तेव्हा ती निराळीच वाटली. सखूच्या जागी विठ्ठल उभा राहिला. यमूच्या जागी उभे राहायला कोणी आले नाही. ज्यांनी संतकथा रचल्या त्यांनाही सुनेचे दुःख ठाऊक होते, म्हणूनच त्यांनी देवाला कामाला लावले असेल काय? ह्या प्रश्नाने मी संतवाङ्मय उघडले आणि अजून ते मिटलेले नाही.

मध्यंतरी पुस्तकखरेदीसाठी पुण्यास गेले होते. अप्पा बळवंत चौकात नव्या पुस्तकांच्या दुकानांपुढे उभे राहायला जागा नव्हती. तेथून हाकेच्या अंतरावर आनंदाश्रम आहे. बाहेर गर्दी आणि आत शांतता. हजारो पोथ्या तेथे आजही जपलेल्या आहेत. त्या आवारात उभे असताना मनात आले, शास्त्रार्थाच्या वादात पंडित ज्या स्मृतींचे आधार काढीत, त्या स्मृती हा माणूस येथून छापवीत होता. आणि शास्त्राच्या नावाने घराघरांत काय चालले आहे, ते ‘करमणुकी’तून सांगत होता. काहींना ह्यात विसंगती दिसेल. मला वाटते, तो प्रामाणिकपणा होता. जुने फाडून टाकायचे नाही आणि झाकूनही ठेवायचे नाही. दोन्ही उजेडात मांडायचे आणि निवाडा वाचणाऱ्यावर सोपवायचा.

घराबाहेरही ते स्वस्थ नव्हते. नामदार गोखल्यांचा स्नेह, पुणे नगरपालिकेतील अनेक वर्षांचे काम आणि तेथील अध्यक्षपद, १९१२ साली अकोल्याच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद. विजयनगरच्या पाडावावरील ‘वज्राघात’ ही त्यांची उत्तरकाळातील कादंबरी. स्वराज्याची पहाट लिहिणाऱ्या लेखणीने एका साम्राज्याचा सूर्यास्तही लिहिला. ३ मार्च १९१९ रोजी ते वारले. पंचावन्नावा वाढदिवस पाच दिवसांवर होता.

मित्रमैत्रिणींनो, नवे पुस्तक कसे शोधावे, असे आपण एकमेकांना विचारतो आणि नव्या याद्या चाळतो. माझी रीत आता साधी झाली आहे. आवडलेल्या पुस्तकाच्या लेखकाचा हात धरावा आणि तो ज्या कपाटाकडे नेईल तिकडे निमूटपणे जावे. हरिभाऊंनी मला पहिल्या कपाटापासून तिसऱ्यापर्यंत नेले, आणि तेथून आमच्या माजघरातल्या फोटोपर्यंत.

तो फोटो आजीने परवा खाली काढून पुसला. काचेवरची धूळ गेली, पदर तसाच आहे. पण आता त्या पदराखाली कोण होते, ते आम्हा दोघींना ठाऊक आहे.