मातीच्या घरांचे शिल्पकार

मुलांनो, तुम्ही मातीचे घर पाहिले आहे का? ते उन्हाळ्यात थंड आणि हिवाळ्यात उबदार असते. अशा घरांसाठी एका माणसाने आपले सारे आयुष्य वेचले. त्यांचे नाव हसन फतही.

हसन फतही यांचा जन्म २३ मार्च १९०० रोजी इजिप्तमधील अलेक्झांड्रिया शहरात झाला. घरची परिस्थिती चांगली होती. १९२६ साली कैरो येथे शिक्षण पूर्ण करून ते वास्तुशिल्पकार झाले. शेतकऱ्यांची हलाखी पाहून त्यांना फार वाईट वाटले. सिमेंट आणि लोखंड गरिबाला परवडत नाही; माती तर पायाखालीच असते. मग मातीचीच चांगली घरे का बांधू नयेत?

भिंती उभ्या राहिल्या, पण छपराचे काय? इजिप्तमध्ये लाकूड आधीच कमी. दुसऱ्या महायुद्धात तर ते मिळेनासे झाले. तेव्हा फतही दक्षिणेकडे अस्वानला गेले. तेथील न्युबियन गवंडी लाकडाच्या टेकूशिवाय मातीच्या विटांची कमानदार छपरे बांधत. विटांची पहिली ओळ ते मागच्या भिंतीला तिरपी टेकवत. पुढची प्रत्येक ओळ आधीच्या ओळीवर रेलत जाई. विटांत पेंढा मिसळलेला असल्यामुळे त्या हलक्या असत आणि ओल्या चिखलात घट्ट बसत. पदवीधर फतही या गवंड्यांचे शिष्य झाले.

१९४५ साली सरकारने त्यांच्यावर मोठे काम सोपवले. लक्सरजवळच्या गुरना गावातील लोक प्राचीन थडग्यांच्या आसपास राहत. तेथील जुन्या वस्तू चोरीला जात. म्हणून त्या लोकांसाठी दुसरीकडे नवे गाव वसवायचे होते. फतहींनी मशीद, शाळा, बाजार आणि नाट्यगृह बांधले. घरांना अंगणे ठेवली. पण गावकरी तेथे जायला तयार होईनात. त्यांचा रोजगार जुन्या गावातच होता. शिवाय घुमट दर्ग्यावर असतो, राहत्या घरावर कशाला, असेही त्यांना वाटे. त्यांचेही अगदीच चुकले असे म्हणता येणार नाही. १९४८ साली काम अर्धवट थांबले.

फतहींना अपयशी ठरवण्यात आले. १९५७ साली ते देश सोडून अथेन्सला गेले आणि काही वर्षांनी परतले. गुरना गावाची हकीकत त्यांनी पुस्तकात लिहिली. त्यात स्वतःच्या हारीची गोष्टही त्यांनी लपवली नाही. हे पुस्तक देशोदेशी वाचले गेले. वयाच्या ऐंशीव्या वर्षी न्युबियन गवंड्यांना घेऊन ते अमेरिकेत गेले आणि तेथे मातीची मशीद कशी बांधावी हे त्यांनी दाखवले. त्याच वर्षी, १९८० मध्ये, त्यांना आगाखान वास्तुकला पुरस्काराचा विशेष सन्मान मिळाला.

पुढे १९८४ साली आंतरराष्ट्रीय वास्तुशिल्पकार संघाने सुवर्णपदक देण्यास सुरुवात केली. जगात उंच उंच इमारती बांधणारे नामांकित लोक पुष्कळ होते. तरी संघाने पहिले पदक दिले ते मातीची घरे बांधणाऱ्या चौऱ्याऐंशी वर्षांच्या फतहींना! पुढे १९९० साली हेच पदक मुंबईचे चार्ल्स कोरिया यांना मिळाले.

फतही तेव्हा कैरोच्या किल्ल्याजवळ एका जुन्या घरात राहत. सोबतीला त्यांची मांजरे असत. ३० नोव्हेंबर १९८९ रोजी त्यांचे निधन झाले. नव्या गुरना गावात पुढे लोक राहायला आले. त्यांतील अनेकांनी मातीची घरे पाडून सिमेंटची बांधली. मशीद मात्र अजून उभी आहे.